कडूपणाचं पुण्य

काही माणसं "मला गोड आवडत नाही" हे वाक्य असं उच्चारतात, जणू नुकतंच एखादं व्रत पार पाडून आली आहेत. कॉफी बिनदुधाची, बिनसाखरेची. चॉकलेट सत्तर टक्क्यांच्या खालचं चालत नाही. आणि मद्य निवडायची वेळ आली की निग्रोनी. शेजारच्यानं अननसाचा रस घातलेलं, वर कागदी छत्री खोचलेलं काही मागवलं, तर यांच्या चेहऱ्यावर चक्क करुणा उमटते. मी स्वतः याच जमातीतली आहे, म्हणून बेधडक लिहिते. मला पडलेला प्रश्न साधा आहे. एखादं सुख भोगण्याआधी जिभेला त्रास सोसावा लागला, तर तेवढ्यानं ते सुख वरच्या दर्जाचं होतं का? कडूपणाचं पुण्य लागतं का?

नोकरीची सगळी वर्षं मी डोंबिवलीहून लोकल पकडून एका कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवायला जात असे. निग्रोनी माझ्या घरी आली ती निवृत्तीनंतर, भाचीच्या बॅगेतून. ती पुढच्या शिक्षणासाठी तोरिनोला गेली आणि पहिल्या सुट्टीत आली तेव्हा आईसाठी स्वेटर आणि माझ्यासाठी वर्मूथची बाटली घेऊन आली. "मावशी, तुला कारलं आवडतं ना? मग हे जमेल तुला," एवढीच तिची प्रस्तावना.

निग्रोनी म्हणजे तीन बाटल्या, तिन्ही सारख्या मापात. तीस मिलि जिन, तीस मिलि कंपारी, तीस मिलि तांबडं गोड वर्मूथ. भरपूर बर्फावर ढवळायचं, नवा बर्फ घातलेल्या बुटक्या ग्लासात गाळायचं, वर संत्र्याची चकती. हलवून फेसाळवायचं नाही. लिंबाचा रस किंवा अंड्याचा पांढरा भाग पडला असेल तर हलवावं. इथं सगळंच पारदर्शक आहे, हलवलं की गढूळ होतं आणि तोंडात पातळ लागतं. वर्मूथ म्हणजे वनस्पती मुरवून, थोडं स्पिरिट घालून बळकट केलेली वाइन. तोरिनोत १७८६ साली आंतोनियो बेनेदेत्तो कार्पानोनं ती विकायला सुरुवात केली, असं त्या शहरात अभिमानानं सांगतात. वाइनच ती, त्यामुळे बाटली उघडल्यावर फ्रिजमध्ये ठेवावी लागते. आमच्याकडे ती लोणच्याच्या बरणीला खेटून असते. कंपारी १८६० ची, गास्पारे कंपारी यांची. नोवारात जन्मली आणि मिलानमध्ये मोठी झाली. तिची कृती गुप्त. रंग मात्र बराच काळ गुप्त नव्हता. तो कोचिनील नावाच्या किड्यापासून काढत, आणि २००६ साली बऱ्याच देशांत ते बंद झालं. म्हणजे त्याआधी ही बाटली शाकाहारी मद्यप्यांना, आणि असे आपल्याकडे पुष्कळ आहेत, वेगळ्याच कारणासाठी वर्ज्य ठरली असती.

या दोन्हींत सोडा घालून इटलीत अमेरिकानो पीत. १९१९ च्या सुमारास फ्लॉरेन्सच्या काफे कासोनीत कामिल्लो नेग्रोनी नावाच्या काउंटनं फोस्को स्कार्सेल्ली या बारवाल्याला सांगितलं, सोडा काढ आणि जिन घाल. अशी कथा आहे. बारमधल्या कथांना पुराणकथांइतकाच पुरावा असतो, पण या कथेतली कृती मला महत्त्वाची वाटते. काउंटनं पाणी हाकललं. त्या पाण्याचं पुढे काय झालं ते सांगेनच.

मापासाठी मी द्राक्षासवाच्या बाटलीचं टोपण वापरते. त्यावर पंधरा मिलिची रेघ आहे. दोन टोपणं म्हणजे एक भाग. भाचीला याचं हसू येतं, पण औषधाच्या मापाइतकं प्रामाणिक माप घरात दुसरं नाही. आणि ते टोपण तिथं उपरं नाही. आसवं आणि अरिष्टं आंबवूनच करतात, त्यांत पाच ते दहा टक्क्यांच्या आसपास अल्कोहोल आपोआप तयार झालेलं असतं. माझ्या सासूबाईंनी दारूच्या बाटलीकडे वळूनही पाहिलं नसतं. त्या दोन्ही वेळच्या जेवणानंतर दशमूलारिष्ट घेत, समभाग पाणी घालून, तोंड वाकडं करून. त्या वाकड्या तोंडातच सगळी सूट होती. चेहऱ्यावर सुख दिसत नाही तोवर ते औषध.

आपल्या राज्याचा कायदाही असाच विचार करतो. १९४९ चा दारूबंदी कायदा महाराष्ट्रात आजही आहे. प्यायची तर परवाना लागतो, आणि तो परवाना द्यायचं कारण कागदावर असतं ते आरोग्याचं जतन. मौज हे कारण त्या कागदाला ठाऊकच नाही. मी परवाना काढला तेव्हा ते वाचून बराच वेळ हसले, मग हसू थांबलं. माझ्या प्रश्नाचं सरकारी उत्तर समोरच होतं: सुख म्हणून मागाल तर मिळणार नाही, कष्ट म्हणून मागा.

आता कडूपणाकडे वळते. जन्मलेल्या बाळाच्या जिभेला गोड लावलं तर ते चोखतं, कडू लावलं तर तोंड फिरवतं. कुणी शिकवावं लागत नाही. माणसात कडू ओळखणारे पंचवीसएक प्रकारचे ग्राहक आहेत, गोडाचं काम मात्र एकाच जोडीवर भागतं, कारण झाडाझुडपांतली विषं नाना तऱ्हांची आणि त्यांतली बरीचशी कडू. कडू चव म्हणजे शरीरानं घातलेली हाळी, की थुंक. मग निग्रोनी आवडणं म्हणजे ती हाळी ऐकून न ऐकल्यासारखं करायला शिकणं. मी ते निग्रोनीच्या खूप आधी शिकले. लहानपणी रत्नागिरीला आजोळी गेलं की आजी रात्री काडेचिराईत भिजत घालायची आणि सकाळी ते पाणी पाजायची. जंत, ताप, रक्त, सगळ्यांवर एकच उपाय. पुढे वाचनात आलं की युरोपातल्या कडू मद्यांत घालतात ती जेन्शनची मुळी काडेचिराईताच्याच कुळातली आहे, आणि दोहोंत अमॅरोजेन्टिन नावाचं तेच द्रव्य आहे, माणसाला माहीत असलेल्या सर्वांत कडू पदार्थांपैकी एक. आल्प्समधल्या म्हाताऱ्या आणि कोकणातल्या म्हाताऱ्या एकाच निष्कर्षावर आल्या होत्या.

चरकाचाही निष्कर्ष तोच. सूत्रस्थानात सहा रसांचं वर्णन करताना तो तिक्त रसाबद्दल म्हणतो की हा स्वतः रुचत नाही, पण अरुची घालवतो. इटलीत जेवणाआधी कंपारी का घेतात याचं याहून नेमकं स्पष्टीकरण मला कुठल्या इटालियन जाहिरातीत मिळालेलं नाही. मात्र चरक तिथंच थांबत नाही. प्रत्येक रसाचे गुण सांगून झाले की तोच रस अति झाला तर काय होतं तेही तो सांगतो. तिक्ताला त्यानं वेगळी वागणूक दिलेली नाही. कडूपणाला पुण्य चिकटवणं हे वैद्यांचं काम नव्हतं, ते आपण नंतर केलं.

कुठून केलं, तर मला वाटतं गीतेच्या अर्धवट वाचनातून. एका संध्याकाळी आमच्याकडे आलेल्या एका गृहस्थांनी ग्लास उंचावून जाहीर केलं की निग्रोनी सात्त्विक आहे. आधार अठरावा अध्याय. आरंभी विषासारखं आणि परिणामी अमृतासारखं ते सात्त्विक सुख. आरंभी अमृत आणि शेवटी विष ते राजस. पहिला घोट विषासारखा लागतो, तिसऱ्या घोटाला अमृत होतं, म्हणून सात्त्विक. सगळे हसले, मीही हसले. पण तत्त्वज्ञान शिकवलेल्या माणसाला विनोद पचत नाही, तो रात्री परत वर येतो.

गृहस्थांनी श्लोक अर्धाच घेतला होता. गीता त्या ठिकाणी सुखाची नुसती चव सांगत नाही, त्याचा उगमही सांगते. सात्त्विक सुख स्वतःची बुद्धी निवळल्यामुळे उपजतं, राजस सुख विषय आणि इंद्रियं यांची गाठ पडल्यामुळे. विष आणि अमृत ही लक्षणं आहेत, व्याख्या नव्हे. ताप आला की अंग गरम होतं. म्हणून उन्हात अंग गरम झालेल्या प्रत्येकाला ताप आलाय असं आपण म्हणत नाही. निग्रोनीचा कडवटपणा कितीही असह्य असो, ती जिभेची आणि द्रवाची गाठच आहे. कष्ट पडले म्हणून तिचा उगम बदलत नाही. शिवाय अमृत तिसऱ्या घोटाला लागतं हे खरं, पण 'परिणामी' म्हणजे तिसरा घोट की तिसरा ग्लास की दुसरी सकाळ, हे त्या गृहस्थांनी सोयीनं ठरवलं होतं.

अशा बैठकींत मनूही हमखास येतो. मांसात, मद्यात, मैथुनात दोष नाही, ती प्राण्यांची प्रवृत्तीच आहे, असं पाचव्या अध्यायात आहे खरं. पण त्याच श्लोकाच्या शेवटी निवृत्तीचं फळ मोठं असं म्हटलंय, ते कुणी म्हणत नाही. आणि पुढे अकराव्या अध्यायात सुरापान महापातकांत मोजलंय, तिथवर तर कुणाचं वाचन पोचतच नाही. शास्त्राचा असा अर्धा घोट घेण्यापेक्षा "मला आवडतं" म्हणणं सभ्यपणाचं आहे. माझ्या नवऱ्याला निग्रोनी आवडत नाही. तो नुसतं वर्मूथ बर्फावर घेतो आणि "गोड आहे म्हणून घेतो" असं न लाजता सांगतो. या विषयावर मी ऐकलेलं सर्वांत निर्मळ विधान ते आहे.

मग निग्रोनीत विचार करण्याजोगं काहीच नाही का? आहे, पण ते कडूपणात नाही. ते ढवळण्यात आहे.

काउंटनं पाणी हाकललं असं मी म्हटलं. ते बर्फातून परत येतं, आणि यायलाच हवं. एक ग्रॅम बर्फ वितळताना ऐंशी कॅलरी उष्णता ओढून घेतो. पेय थंड होतं ते मुख्यतः त्यामुळे. म्हणजे बर्फ न वितळता निग्रोनी गार करता येत नाही. गारवा पाहिजे तर पाणी स्वीकारलं पाहिजे. लांब दांड्याचा चमचा ग्लासच्या कडेला टेकवून, बर्फाचा खडखडाट होऊ न देता अर्धा-पाऊण मिनिट फिरवलं की नव्वद मिलि द्रवात वीस-पंचवीस मिलि पाणी मिसळतं आणि द्रव शून्य अंशाच्याही खाली उतरतो. अल्कोहोल असल्यामुळे गोठत नाही. कमी ढवळलं तर जिन घशाला लागते, कंपारी जिभेवर चिकटून बसते. जास्त ढवळलं तर तिन्ही चवी एकमेकींपासून सुटतात आणि लाल पाणी उरतं. मधे एक क्षण आहे. तो घड्याळात सापडत नाही, कारण बर्फाचे तुकडे रोज वेगळे असतात, फ्रिजचा मूड वेगळा असतो, आणि आमच्या भागात वीज गेलेली असली तर बर्फ कडांना आधीच ओला असतो. तो ग्लासच्या बाहेरून बोटांना कळतो, चमच्याच्या जडपणावरून कळतो, आणि शेवटी चमच्याच्या टोकावरचा थेंब चाखून कळतो.

प्लेटोचा 'फिलेबस' हा संवाद मी वर्गात शिकवला तेव्हा मुलांना तो कंटाळवाणा वाटायचा, आणि खरं सांगायचं तर मलाही. त्यातला वाद असा की चांगलं आयुष्य सुखाचं की बुद्धीचं. सॉक्रेटिस दोन्ही बाजूंना नाही म्हणतो. निव्वळ सुखाचं आयुष्य शिंपल्यातल्या जिवाचं, त्याला आपण सुखी आहोत हेही कळणार नाही. निव्वळ बुद्धीचं, सुखदुःखाचा स्पर्शच नसलेलं आयुष्य कुणी निवडणार नाही. चांगलं आयुष्य मिश्रणाचं. मग तो म्हणतो, आपण आता प्याले भरणारे आहोत, आपल्यासमोर दोन झरे आहेत, एक सुखाच्या मधाचा आणि दुसरा बुद्धीच्या स्वच्छ, न झिंगवणाऱ्या पाण्याचा, आणि आपल्याला ते उत्तम मिसळायचे आहेत. ग्रीक लोक वाइनमध्ये नेहमी पाणी मिसळत, मोठ्या भांड्यात, सगळ्यांदेखत. कोरी पिणं रानटीपणाचं समजत. ती उपमा त्या समाजाला समजावून सांगावी लागली नसणार. पुढे तो म्हणतो की कुठलंही मिश्रण चांगलं होतं ते मापामुळे. माप नसेल तर घटकांचाही नाश आणि मिश्रणाचाही, उरतो तो नुसता गोंधळ.

म्हणून मला वाटतं की गीतेच्या त्या दोन श्लोकांशेजारी हा संवाद ठेवून वाचावा. गीता सुखाला त्याच्या उगमावरून ओळखते, आणि तिथं निग्रोनीला राजसाच्या वर जागा नाही. मी तिच्यासाठी भांडणारही नाही. प्लेटो मात्र त्या राजस सुखालाही प्याल्यातून फेकून देत नाही, त्याचं माप विचारतो. आणि इथं कडूपणाचा एक अवगुण उघडा पडतो. तो माप लपवतो. हिशेब करा. आपल्याकडची जिन बहुतेक ४२.८ टक्क्यांची, कंपारी साधारण २५, वर्मूथ सोळाच्या आसपास. तिन्हींचे तीस-तीस मिलि घेतले की शुद्ध अल्कोहोल पंचवीस मिलि होतं. साठ मिलिच्या लार्ज पेगमध्ये असतं तेवढंच. जो माणूस "मी फक्त एक निग्रोनी घेतो" म्हणतो तो लार्ज घेत असतो, पण कडवटपणामुळे हळू पितो, आणि हळू पितो म्हणून स्वतःला संयमी समजतो.

इथवर माझं म्हणणं मी आमच्या कॉलेजातल्या एका सहकाऱ्यांना ऐकवलं. ते इतिहास शिकवत. बौद्ध आहेत, पंचशील नुसतं वंदनेपुरतं म्हणत नाहीत. आमच्याकडे आले की कोकम सरबत घेतात आणि आमच्या ग्लासांकडे कधीच नाक मुरडत नाहीत, त्यामुळे त्यांच्याशी या विषयावर बोलता येतं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "मॅडम, तुम्ही चव विचारली, उगम विचारला, माप विचारलं. पाचवं शील यातलं काही विचारतच नाही. ते विचारतं, सावधपण राहिलं का?"

त्या शीलात मद्य वर्ज्य आहे ते अपवित्र म्हणून नव्हे, प्रमादाचं ठिकाण म्हणून. आणि हे केवळ बौद्धांचं वेगळेपण म्हणून बाजूला सारता येत नाही, कारण गीतेतलं तिसरं सुख, तामस, आरंभी आणि शेवटी दोन्हीकडे भूल पाडणारं, तेही झोप, आळस आणि प्रमाद यांतूनच येतं. म्हणजे सरांनी माझं पेय एका वाक्यात राजसातून तामसात उतरवलं. मी प्रतिवाद केला. म्हटलं, ढवळताना मी जितकी सावध असते तितकी दिवसभरात क्वचितच असते. मोबाइल दुसऱ्या खोलीत, कान बर्फावर, बोटं काचेवर. ते म्हणाले, "खरंय. पण मग ते प्याल्यावर ती सावधता वाढते की कमी होते?" भाचीनं मधेच तोडगा काढला, "मावशी, तू करत जा आणि सिंकमध्ये ओतत जा." तो मला मान्य नाही. प्यायचं नाही हे माहीत असताना केलेल्या ढवळण्यात ते लक्ष येणार नाही. चूक झाली तर जीभ शिक्षा करणार आहे म्हणूनच बोटं जागी असतात. पण सरांच्या प्रश्नाचं हे उत्तर नाही, हे मला ठाऊक आहे आणि त्यांनाही ठाऊक होतं. पहिल्या अर्ध्या ग्लासात चवी जास्त स्पष्ट होतात असं मला वाटतं. असं वाटणं हाच प्रमादाचा आरंभ असतो, असं ते म्हणतील, आणि आत बसून ते तपासायचं साधन माझ्यापाशी नाही.

एक गोष्ट मात्र तपासता आली. भाची पुढच्या खेपेला येताना दोन चिमुकल्या बाटल्या घेऊन आली. इटलीत मिळणारा लाल कडू सोडा. रंग कंपारीचा, कडूपणा तसाच, अल्कोहोल शून्य. मी सरांना म्हटलं, आता तुमची काही हरकत उरली नाही. त्यांनी लेबल फिरवून फिरवून वाचलं, शून्याचा आकडा दोनदा पाहिला आणि एक बाटली ग्लासात ओतून घेतली. दुसरीतली थोडी मी घेतली. बर्फ घातला, संत्र्याची साल वर मुरगळली, दोघांनी एकदमच घोट घेतला. त्यांचं तोंड वाकडं झालं नाही. "आईनं पाजलेल्या काढ्यांपुढे हे सरबत आहे," म्हणाले, आणि गप्पा मारत मारत शेवटच्या थेंबापर्यंत प्यायले. माझा ग्लास निम्मा झाला, मी उठले आणि कपाटातून जिन काढली.

"म्हणजे मॅडम," सर म्हणाले, "कडू आवडणारा इथं मीच निघालो."

दुसऱ्या बाटलीत उरलं होतं ते मी त्यांच्या ग्लासात ओतलं.